सुरुवातीच्या बोलपटांतली लहान मुलांची पथकं: ही मुलं यायची कुठून?

पावसाळी

परवा रात्री झोप येत नव्हती म्हणून मोबाईलवर जुनं काहीबाही बघत पडले होते, त्यात १९२९ सालची एक छोटीशी अमेरिकन फिल्म मिळाली, 'द बिग रिव्ह्यू' नावाची. गोष्ट वगैरे काही नाही, नुसती लहान मुलं येतात, नाचतात, गातात आणि जातात. त्यात तीन बहिणी येऊन एक गाणं म्हणतात. सगळ्यात धाकटी आहे तिच्यावरून नजर हटत नाही, एवढीशी पोर पण काय तो दणदणीत आवाज. मग शोधलं तर कळलं की ही म्हणजे जूडी गार्लंड, पुढे हॉलिवूडची मोठी गायिका आणि नटी झालेली, तेव्हा वय वर्षं ७, आणि तेव्हा नाव पण वेगळंच होतं, फ्रान्सिस गम.

मग मला झोप लागेचना. माझी मुलगी पण ७ वर्षांची आहे. सारखं मनात येत होतं की एवढी सगळी मुलं एकदम आली कुठून? शाळेतून गोळा केली? कुणी शिकवलं त्यांना? बोलपट नुकते आलेले, तेव्हाच एकदम मुलांचे असे ग्रुपच्या ग्रुप का दिसायला लागले? आणि पैसे कुणाला मिळायचे? आपल्याकडे पण असं काही होतं का, की आपल्याकडे मुलं एकेकटीच सिनेमात यायची? इथे जुन्या सिनेमांचे जाणकार आहेत म्हणून विचारतेय, मोठं उत्तर लिहिलंत तरी चालेल, मी सगळं वाचणार आहे.

---

जुनंरीळ

छान प्रश्न आहे, आणि माझा अगदी आवडता विषय, त्यामुळे लांबलचक होणार, सांभाळून घ्या.

तुम्ही बघितलेली मुलं म्हणजे 'मेग्लिन किडीज'. लॉस एंजेलिसमध्ये एथेल मेग्लिन नावाच्या बाईंची नाच शिकवायची शाळा होती, तिथली ही पोरं. म्हणजे आपल्याकडे गल्लीत डान्स क्लास असतो ना, तसंच समजा, फक्त तो क्लास हॉलिवूडच्या दारात होता. आयांनी मुलांना घेऊन यायचं, टॅप डान्स शिकवायचा आणि मनात एकच, की कधीतरी कुणीतरी स्टुडिओवाला येईल आणि बोट दाखवेल. आणि खरंच यायचे ते. शर्ली टेम्पल, पुढे हॉलिवूडची सगळ्यात गाजलेली बालतारका, याच शाळेतून उचलली गेली, तेव्हा ती जेमतेम तीन वर्षांची होती.

पण ही कल्पना मेग्लिनबाईंची नव्हे. त्याच्या आधी वीसेक वर्षं अमेरिकेत व्हॉडव्हिल जोरात होतं, म्हणजे एका तिकिटात गाणं, नाच, जादू, नकला, कुत्र्याचे खेळ असं सगळं. त्यात गस एडवर्ड्स नावाचा माणूस मुलांची पथकं घेऊन गावोगाव फिरायचा, शाळेचा वर्ग स्टेजवर मांडायचा, एक मास्तर आणि बाकी सगळी वात्रट पोरं. एडी कँटर, जॉर्ज जेसेल, ग्राउचो मार्क्स हे पुढे नाव काढलेले विनोदी नट, सगळे लहानपणी त्याच्या पथकातून गेलेले. गंमत बघा, १९३४ मध्ये शिकागोत याच जॉर्ज जेसेलने त्या तीन बहिणींना सांगितलं की गम हे आडनाव बदला, आणि तिथून त्या गार्लंड झाल्या. म्हणजे एका पथकातून मोठा झालेला पोरगा दुसऱ्या पथकातल्या पोरीला नाव देऊन गेला.

न्यूयॉर्कमध्ये तेव्हा मुलांना स्टेजवर उभं करण्याविरुद्ध कायदे होते, १८७५ च्या सुमारास एक संस्थाच निघाली होती मुलांवरचा जुलूम थांबवायला, नाटकवाले तिला घाबरून असायचे. पण बंदी एका राज्यात असली तर गाडी पुढच्या राज्यात.

आता तुमचा मुख्य प्रश्न, बोलपट आल्याबरोबर मुलंच मुलं का दिसायला लागली. माझ्या मते याचं उत्तर मशीनमध्ये आहे. त्या काळचा व्हिटाफोन प्रकार म्हणजे चित्र रिळावर आणि आवाज वेगळ्या तबकडीवर. तबकडी सोळा इंचांची, एका बाजूवर साधारण अकरा मिनिटं, म्हणजे बरोबर एक रीळ. आवाज थेट मेणावर कोरला जायचा, तो मागाहून कापता जोडता येत नव्हता. कॅमेऱ्याची घरघर ऐकू येऊ नये म्हणून कॅमेरा आणि कॅमेरावाला दोघंही एका बंद खोक्यात. म्हणजे एखादा चुकला की पहिल्यापासून सुरू करा. आता अशा ठिकाणी कुणाला उभं कराल? ज्याला न चुकता एका दमात गाता नाचता येतं त्यालाच ना. मूकपटातले मोठमोठे नट त्यात अडकले, आणि डान्स क्लासमधली पोरं मात्र तयार, कारण त्यांनी तेच गाणं तोच नाच रोज घोटलेला, कपडे आयांनी शिवलेले, मास्तरीण सोबत. स्टुडिओला अख्खं पथक तयार मिळायचं आणि स्वस्तात. १९२९-३० मध्ये गम बहिणींनी व्हिटाफोनसाठी अजून तीन छोट्या फिल्म केल्या त्या याच हिशोबाने.

पण याची एक काळी बाजू आहे. १९३२-३३ मध्ये 'बेबी बर्लेस्क्स' नावाच्या आठ छोट्या फिल्म निघाल्या, डायपर घातलेल्या तीन-चार वर्षांच्या मुलांना मोठ्यांचे रोल देऊन. शर्ली टेम्पलची सुरुवात त्यातली. तिने १९८८ मध्ये स्वतःच्या आत्मचरित्रात लिहिलंय की सेटवर आवाजवाल्यांची एक काळी पेटी असायची, खोलीएवढी, आणि ऐकलं नाही की मुलाला त्या अंधाऱ्या पेटीत कोंडायचे, आत बसायला काय तर बर्फाची लादी. तिने घरी आईला सांगितलं तर आईला ते खरं वाटलं नाही. मला हे वाचून चार दिवस दुसरं काही सुचलं नव्हतं. तीन वर्षांचं पोर, बर्फावर, आणि घरी सांगितलं तरी कुणी विश्वास ठेवत नाही.

---

ठाणेकर७

वर जुनंरीळ यांनी मस्त लिहिलंय. मी फक्त 'अवर गँग'बद्दल भर घालतो कारण ते राहून गेलं, आणि पथक म्हटलं की ते पहिलं.

हॅल रोच या निर्मात्याने १९२२ मध्ये सुरू केलेली ही छोट्या फिल्मची मालिका, गल्लीतली पोरं, गोरी काळी सगळी एकत्र खेळतायत, त्या काळच्या अमेरिकेत हे फार वेगळं होतं. बोलायला लागली १९२९ मध्ये. आता यात एक बारकी गोष्ट आहे ती मला फार आवडते. दिग्दर्शक रॉबर्ट मॅकगोवन मूकपटात काय करायचा, कॅमेरा चालू असताना मुलांना ओरडून सांगायचा, आता तिकडे बघ, आता पळ, आता घाबर. बरीच पोरं इतकी लहान की वाचता येत नाही, मग स्क्रिप्ट देऊन उपयोग काय. आवाज आला आणि दिग्दर्शकाचं ओरडणंच बंद झालं, कारण ते पण रेकॉर्ड होणार! मग संवाद पाठ करून घेणं आलं, एकेक वाक्य कानात सांगून. मुलांचं जे मोकळंढाकळं वागणं होतं ते काही काळ आखडलं होतं, सुरुवातीचे बोलपट बघितलेत तर जाणवतं, पोरं वाक्य म्हणून झाल्यावर थांबतात, दुसऱ्याची वाट बघतात. पुढे सुधारलं. मॅकगोवन बिचारा १९३३ मध्ये दमून बाजूला झाला.

चांगलं पण सांगायला हवं, रोच स्टुडिओत मुलांसाठी शाळा होती, फर्न कार्टर नावाच्या बाई शिकवायच्या, वर्षानुवर्षं त्याच. शूटिंगच्या मध्ये मुलं वर्गात.

आणि वाईट पण. त्याच पथकातला जॅकी कूपर. १९३१ मध्ये 'स्किपी' सिनेमात त्याला रडायचं होतं आणि रडू येईना. दिग्दर्शक नॉर्मन टॉरोग हा त्याच्या नात्यातला, मावशीचा नवरा. त्याने सांगितलं की तुझ्या कुत्र्याला गोळी घालायला लावतो. कुत्र्याला सेटमागे नेलं आणि गोळीचा आवाज झाला. पोरगं ओक्साबोक्शी रडलं, सीन झाला. कुत्रा जिवंत होता. त्या सिनेमासाठी टॉरोगला ऑस्कर मिळालं आणि कूपरला नऊ वर्षांचा असताना नामांकन. पन्नास वर्षांनी कूपरने आत्मचरित्र लिहिलं त्याचं नावच आहे 'प्लीज डोन्ट शूट माय डॉग'. म्हणजे इतकी वर्षं ते त्याच्या मनातून गेलं नव्हतं. लोक ही गोष्ट पार्टीत किस्सा म्हणून सांगतात, मला ती किस्सा वाटत नाही.

---

सूरपेटी

आपल्याकडचं मी लिहिते. थोडं घरचं पण आहे त्यात.

आपल्याकडे डान्स क्लास नव्हते, पण नाटक कंपन्या होत्या ना. अमेरिकेत जे काम व्हॉडव्हिलने केलं ते इथे संगीत नाटकाने केलं. बायका स्टेजवर येत नव्हत्या तेव्हा बायकांची कामं करायला कोवळ्या आवाजाची मुलं लागायची, त्यामुळे प्रत्येक मंडळीत पाच-दहा पोरं असायचीच. केशवराव भोसले म्हणजे नंतर ललितकलादर्श काढणारे, ते स्वतः पोरवयात शारदेचं काम करून गाजले. दीनानाथ मंगेशकर पण असेच, किर्लोस्कर मंडळीत लहान वयात गायला लागलेले. पुढे दामुअण्णा जोशींनी तर बालमोहन नाटक मंडळीच काढली, नावातच बाल, आणि छोटा गंधर्व तिथले. त्यामुळे बोलपट आला तेव्हा आपल्याकडे गाणारी, पाठांतर केलेली, रात्रभर उभी राहणारी पोरं तयारच होती. व्ही. शांतारामसुद्धा लहानपणी काही दिवस गंधर्व मंडळीत होते हे बऱ्याच जणांना माहीत नसतं.

१९३२ च्या फेब्रुवारीत प्रभातचा 'अयोध्येचा राजा' आला, त्यातला रोहिदास म्हणजे लहान मुलगाच. त्याच वर्षी भालजी पेंढारकरांचा 'श्यामसुंदर', त्यात कृष्ण झालेले शाहू मोडक, चौदा वर्षांचे, अहमदनगरच्या ख्रिस्ती घरातला मुलगा कृष्ण म्हणून घराघरात पोचला, आणि राधा शांता आपटे. मुंबईत तो सिनेमा पंचवीस आठवडे चालला, तेव्हा हे ऐकायला मिळत नव्हतं. म्हणजे मराठी बोलपटाचं पहिलं मोठं यश हे मुलांच्या जिवावर उभं आहे, हे आपण विसरतोच. मग 'धर्मात्मा' १९३५, बालगंधर्व एकनाथ झालेत आणि वासंती नावाची छोटी मुलगी जाई झालीय, एकनाथांना आपल्या घरी जेवायला बोलावणारी महाराची पोर. तीच वासंती 'कुंकू'मध्ये. आणि तुम्ही ग्रुप म्हणालात म्हणून सांगते, १९३८ चा 'गोपालकृष्ण' नक्की बघा, राम मराठे कृष्ण, परशुराम पेंद्या, आणि भोवती गोपाळांचं अख्खं टोळकं. पंडित राम मराठे म्हणजे आपले 'मंदारमाला'वाले, तेच हे.

आता एक गोष्ट लक्षात घ्या, १९३५ पर्यंत आपल्याकडे प्लेबॅक नव्हता. जो पडद्यावर दिसतो तोच गातो, तिथल्या तिथे. त्यात पुन्हा प्रभातचे सिनेमे मराठी आणि हिंदी दोन्हीत व्हायचे, तेच नट, म्हणजे मुलांनी सगळं दोनदा करायचं.

हे मला पुस्तकातून कळायच्या आधी घरातून कळलेलं आहे. माझे आजोबा, आईचे वडील, आठव्या वर्षी नाटक कंपनीत घातले होते. कंपनीचं नाव नाही सांगत. घरात खाणारी तोंडं सात आणि जमीन अर्धा एकर, तर एक तोंड कंपनीच्या पंगतीला गेलं तर बरं, इतका साधा हिशोब. दोन वेळचं जेवण, वर्षाला दोन जोड कपडे आणि महिन्याला घरी मनीऑर्डर. आजोबा सांगायचे की पहाटे पाच वाजता उठवून खर्ज लावायला बसवायचे, झोपेत आवाज हलला की मास्तर हार्मोनियमचा भाता सोडून द्यायचे आणि नुसतं बघायचे. मारायचे नाहीत, बघायचे. आजोबा म्हणायचे त्यापेक्षा मारलेलं परवडलं असतं. त्यांनी सखी, दासी, क्वचित छोटी नायिका अशी कामं केली, नऊवारी नेसायला ते माझ्या आईपेक्षा सफाईने शिकवायचे.

बोलपट आले आणि कंपनीचं उत्पन्न बसलं. मग पुण्यातल्या एका स्टुडिओने कंपनीतली दहा-बारा पोरं घाऊक घेतली, एका सिनेमासाठी. ते दिवस आजोबांनी मला इतक्या वेळा सांगितलेत की मीच तिथे होते असं वाटतं. दिव्यांची धग एवढी की चेहऱ्यावरचा रंग ओघळायचा, आणि पंखे बंद, कारण पंख्याचा आवाज माईकमध्ये येतो. वरून बांबूला माईक टांगलेला, पेटी तबला एका पुठ्ठ्याच्या झाडामागे. गाणं सुरू झालं आणि शेवटच्या कडव्याला एका पोराला ठसका लागला, सगळं वाया. दुसऱ्यांदा घेतलं, बाहेर टांग्याचा घोडा खिंकाळला. तिसऱ्यांदा झालं. मग म्हणाले आता हेच हिंदीत. आजोबांना हिंदीचं एक अक्षर येत नव्हतं, पाटीवर देवनागरीत लिहून दिलं, अर्थ न कळता पाठ केलं आणि म्हटलं. नव्वदीत सुद्धा ते हिंदी कडवं त्यांना जसंच्या तसं येत होतं आणि अर्थ तेव्हाही विचारायचे नाहीत.

पुढच्या वर्षी त्यांचा आवाज फुटला. चौदावं लागलेलं. एके सकाळी खर्ज लावला तर घशातून दोन आवाज निघाले. मास्तरांनी पेटी बंद केली आणि म्हणाले, जा, चहा घे. बस्स. त्या दिवसानंतर त्यांना गाण्याला बसवलं नाही, दोन महिन्यांनी हिशोब करून घरी पाठवलं. हिशोब म्हणजे अकरा रुपये आणि एक ट्रंक. नंतरचं सगळं आयुष्य छापखान्यात खिळे जुळवण्यात गेलं. कुणाकुणाचं नशीब निराळं, राम मराठे आवाज फुटल्यावर पण गायक म्हणून उभे राहिले, शाहू मोडक पुढे मोठेपणी नायक झाले. पण पथकातली बाकीची दहा पोरं कुठे गेली याची नोंद कुणी ठेवलेली नाही, श्रेयनामावलीत पण नावं नाहीत.

दूरदर्शनवर शनिवारी संध्याकाळी मराठी सिनेमा लागायचा तेव्हा एकदा तो सिनेमा लागला होता. आजोबांनी खुर्ची टीव्हीजवळ ओढली आणि गाणं आल्यावर म्हणाले, डावीकडून तिसरा मी. आम्ही सगळे डोळे फाडून बघतोय, पण ब्लॅक अँड व्हाईट, त्यात मुंग्या, तिसरा पोरगा म्हणजे एक पांढरा ठिपका. आजी म्हणाली दिसतोय दिसतोय. मला माहितीये तिला पण दिसला नव्हता.

---

पावसाळी

बापरे. सूरपेटी, मी हे ऑफिसमध्ये वाचलं आणि उठून बाहेर जावं लागलं. चहा घे म्हणाले हे डोक्यातून जातच नाहीये.

आता खरं सांगते, मी विचारलं त्यामागे अजून एक कारण आहे. माझी मुलगी ज्या डान्स क्लासला जाते त्यांना एका शूटिंगसाठी मुलांचा ग्रुप मागितलाय. बारा मुलं. माझी त्यात आहे आणि ती हवेत आहे, घरभर नाचतेय. मॅडम चांगल्या आहेत, त्यांच्याबद्दल तक्रार नाही. पण ती फिल्म बघितल्यापासून माझ्या पोटात काहीतरी होतंय. पैशाचं काय व्हायचं या मुलांच्या? कायदा वगैरे काही होता का?

---

जुनंरीळ

कायदा झाला, पण एका पोराचं सगळं बुडाल्यावर झाला.

जॅकी कूगन, चॅप्लिनच्या 'द किड'मधला तो लहानगा, १९२१. त्याने लहानपणी तीस-चाळीस लाख डॉलर कमावले असं धरतात, त्या काळचे. १९३५ मध्ये वडील अपघातात गेले, पुढे हा सज्ञान झाल्यावर पैसे मागायला गेला तर आई आणि सावत्र बाप म्हणाले, मुलाची कमाई ही आईबापाची. आणि तेव्हाच्या कायद्याने ते बरोबर होतं! १९३८ मध्ये त्याने आईवर दावा लावला, शेवटी हातात आले १,२६,००० डॉलर. त्यावरून एवढा गदारोळ झाला की १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात कायदा आला, लोक त्याला कूगन कायदाच म्हणतात, की मुलाच्या कमाईतला काही भाग बाजूला ठेवला पाहिजे.

पण पळवाटा होत्या. शर्ली टेम्पलचीच गोष्ट घ्या, बावीस वर्षांची झाल्यावर तिने हिशोब मागितला तर तीस लाखांच्या वर कमाईतून खात्यात राहिलेले ४४,००० डॉलर. वडील बँकेत काम करणारे, बँकेत हो! तिने त्यांच्यावर राग धरला नाही असं तिने लिहिलंय, तो तिचा मोठेपणा. मला मात्र येतो.

आणि हे सगळं नाव झालेल्या मुलांचं. मेग्लिनच्या शाळेतल्या मागच्या रांगेतल्या मुलांना काय मिळालं याच्या कहाण्या कुणी छापल्या नाहीत, सूरपेटींच्या आजोबांसारखंच. त्यांच्यासाठी कायदा असून काय, आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार.

---

दोनमुलांचीआई

पावसाळी, मी सिनेमाची जाणकार नाही पण तुमच्या त्या शूटिंगबद्दल बोलू शकते कारण मी त्यातून गेलेय. माझा मोठा मुलगा नऊ वर्षांचा असताना एका वाहिनीच्या नाचाच्या कार्यक्रमात ग्रुपमध्ये होता, नाव नको. सकाळी सातला बोलावलं आणि नंबर लागला रात्री साडेदहाला. मधल्या वेळेत पोरं मेकअप लावून एका हॉलमध्ये बसलेली, झोपायचं नाही कारण केस विस्कटतात, कपड्यांवर डाग पडेल म्हणून वरणभात खायचा नाही. बिस्किटं. माझा मुलगा रात्री स्टेजवर गेला, दोन मिनिटं हसत नाचला, खाली आला आणि माझ्या खांद्यावर तसाच झोपला, गालाला चमकी लागलेली. मी तेव्हा काही बोलले नाही याचं मला आज पण वाईट वाटतं. सगळ्या आया गप्प होत्या. आपल्यामुळे ग्रुपची संधी जायला नको, हे प्रत्येकीच्या मनात.

नंतर मी नियम शोधले, ते तुम्ही आधी वाचा. आपल्याकडे बालमजुरीच्या कायद्यात २०१६ मध्ये बदल झाला, त्यात मुलांनी सिनेमा मालिका जाहिरातीत कलाकार म्हणून काम करायला मुभा आहे पण अटी घालून, आणि त्या अटी २०१७ च्या नियमांत लिहिलेल्या आहेत. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, सलग तीन तासांच्या वर नाही, मध्ये विश्रांती द्यायची. निर्मात्याने जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी आधी घ्यायची. जास्तीत जास्त पाच मुलांमागे एक जबाबदार माणूस, म्हणजे तुमच्या बारा मुलांना तीन माणसं. आणि मुलाच्या कमाईतले निदान वीस टक्के राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावावर मुदत ठेवीत. हे सगळं कागदावर आहे. मला तेव्हा माहीत असतं तर मी निदान विचारलं तरी असतं.

मुलाला आवडलं होतं का? हो, आवडलं होतं. अजून तो व्हिडिओ बघतो. म्हणूनच तर जास्त अवघड आहे ना, पोर खुश असतं आणि आपण म्हणतो जाऊ दे.

---

ठाणेकर७

+१. आणि मुलं खुश असतात हे अवर गँगमधल्या बऱ्याच जणांनी पण मोठेपणी सांगितलंय, की आम्हाला मजा यायची. दोन्ही खरं असू शकतं. म्हणून कागद बघा.

---

सूरपेटी

आजोबांना पण मी एकदा विचारलं होतं, तुम्हाला राग नाही का येत. म्हणाले, गाणं मिळालं ना मला तिथे, नाहीतर कुठून मिळालं असतं. मग थोडं थांबून म्हणाले, पण आवाज फुटल्यावर कुणीतरी सांगायला हवं होतं की तो परत बसतो. त्यांना खरंच वाटलं होतं की आवाज कायमचा गेला. चौदा वर्षांच्या मुलाला कोण सांगणार, आई चाळीस कोसांवर. वर्षभराने छापखान्यात काम करताना सहज गुणगुणले तर खालचा चांगला जाड आवाज लागला, पण तोवर कंपनीच बंद पडली होती.

पावसाळी, मुलीसोबत तुम्ही स्वतः तिथे बसा. बाकी काही जमलं नाही तरी एवढं करा.

---

जुनंरीळ

एक राहिलंच, पावसाळींना मुलीला ऐकवायचं असेल तर. गम बहिणींच्या त्या तीन व्हिटाफोन फिल्मपैकी दोन चित्र म्हणून हरवल्या आहेत, रिळं नाहीत, पण आवाजाच्या तबकड्या मिळाल्या. जूडीचं पडद्यासाठीचं पहिलं एकटीचं गाणं अशाच एका तबकडीवर आहे. म्हणजे ते गाणं आता फक्त ऐकता येतं, ती पोर दिसत नाही.

---

पावसाळी

सगळ्यांचे मनापासून आभार. आज शनिवार, क्लास होता. मुलीला आत सोडलं आणि मॅडमना बाजूला घेऊन विचारलं, परवानगीचा कागद आहे का, किती तास, सोबत कोण, पैसे कुणाच्या खात्यात. मला वाटलं रागावतील. त्या गप्प झाल्या आणि म्हणाल्या मला कुणी हे सांगितलंच नाही हो, मी तर फक्त स्टेप्स बसवतेय. तिथेच त्यांनी प्रॉडक्शनवाल्याला फोन लावला, स्पीकरवर. तो म्हणाला आतापर्यंत कुणी विचारलं नव्हतं, बघून सोमवारी पाठवतो. बाहेर बाकावर अजून चार आया बसल्या होत्या, त्या ऐकत होत्या. त्यातली एक उठून आली आणि म्हणाली, तो कागद आला की मला पण फॉरवर्ड करा.

सोमवारी काय होतंय ते इथे लिहीन.